बोलणाऱ्या मुलाला मराठी वाचतं करताना

नवीन पनवेलहून माथेरान रस्त्याला लागलं की सुकापूर येतं. जुनं आगरी गाव, पालीदेवदची ग्रामपंचायत आणि भोवती एकामागून एक उभ्या राहिलेल्या सोसायट्या. या इमारतींमध्ये साताऱ्या-सांगलीची, जळगाव-धुळ्याची, रत्नागिरी-सिंधुदुर्गाची आणि इथलीच मूळची अशी सगळी कुटुंबं शेजारी राहतात. मुलं खाली खेळताना मराठी, हिंदी सरमिसळ बोलतात. घरात आजी-आजोबांशी छान मराठी बोलतात. त्याच मुलांच्या हातात मराठी गोष्टीचं पुस्तक दिलं की मात्र ती दुसऱ्या ओळीला अडखळतात, आणि पुस्तक आपोआप आईच्या हातात परत येतं.

हा लेख अशा मुलांच्या आईवडिलांसाठी, आजी-आजोबांसाठी आणि घरगुती शिकवण्या घेणाऱ्या ताईंसाठी आहे. महाराष्ट्रात 2020 च्या कायद्याने सर्व माध्यमांच्या शाळांत मराठी विषय सक्तीचा झाला. त्यामुळे पुस्तक आणि परीक्षा दोन्ही घरात आली. वाचण्याची गोडी कायद्याने येत नाही. ती लावावी लागते, आणि त्यासाठी रोज वीसेक मिनिटं बसणारं एक मोठं माणूस पुरतं. ते माणूस भाषेचं पदवीधर असण्याची गरज नाही. कशाच्या मागे काय घ्यायचं, एवढं मात्र त्याला ठाऊक हवं.

मी हे फलटणच्या एका बाईंच्या कामातून शिकत आले. मॅक्सीन बर्नसन या अमेरिकेत जन्मलेल्या भाषाशास्त्रज्ञ. फलटणमधल्या वेगवेगळ्या समाजांचे लोक मराठी कसे बोलतात, यावर त्यांनी पेनसिल्व्हेनिया विद्यापीठात पीएच.डी. केली. जाई निंबकरांबरोबर त्यांनी परभाषकांना मराठी शिकवणारी पुस्तकं तयार केली. पुढे भारतीय नागरिकत्व घेतलं आणि फलटणलाच राहिल्या. तिथल्या लोकांच्या त्या ‘मॅक्सीन मावशी’ झाल्या. शाळेत नाव असूनही वाचता न येणारी, शाळा सुटलेली मुलं त्यांनी वस्तीत पाहिली आणि त्यांना वाचायला शिकवायला घेतलं. प्रगत शिक्षण संस्था आणि 1986 मध्ये सुरू झालेली कमला निंबकर बालभवन ही शाळा, हे त्याच वाटेवरचं काम. ज्यांच्या नावाने ती शाळा आहे त्या कमलाबाईही जन्माने अमेरिकन. व्यवसायोपचाराचं शिक्षण भारतात त्यांनीच सुरू केलं.

बाहेरून मराठीत आलेल्या माणसाला एक गोष्ट लवकर दिसते, आणि आपल्याला ती सवयीमुळे दिसत नाही. ‘अ अननसाचा’पासून ‘ज्ञ ज्ञानेश्वरांचा’पर्यंत सगळी मुळाक्षरं पाठ करायची, मग बाराखडी पाठ करायची, मग बिनकान्याचे शब्द, मग कान्याचे, अशी आपली परंपरा आहे. या वाटेने चालणारं मूल कितीतरी महिने एकही अर्थाचं वाक्य वाचत नाही. ‘कमळ बघ’, ‘छगन नमन कर’ असली वाक्यं भेटतात, पण तशी भाषा कोणत्याही घरात कुणी बोलत नाही. मुलाची समजूत अशी होते की वाचणं म्हणजे अक्षरं ओळखून मोठ्याने म्हणणं. पालघर जिल्ह्यातल्या वाड्यात आणि कर्नाटकातल्या यादगीरमध्ये मुलांच्या वाचनाचा काही वर्षं पाठपुरावा करणारा एक अभ्यास झाला होता. अक्षरांच्या पाठांतरात अडकलेली मुलं अर्थापर्यंत पोचायला फार उशीर करतात, हे त्यातही दिसलं. वाड्याजवळच्या सोनाळ्यात नीलेश निमकर यांची ‘क्वेस्ट’ ही संस्था 2007 पासून याच प्रश्नावर काम करते आहे.

फलटणच्या पद्धतीचं सूत्र सोपं आहे. अक्षरांचे लहान गट करायचे, स्वरचिन्हं पहिल्यापासूनच सोबत घ्यायची, आणि प्रत्येक गटातून लगेच खरे शब्द व खरी वाक्यं वाचायला द्यायची. हे घरी कसं करता येईल ते आता सविस्तर सांगते. गट मी माझ्या सोयीने केले आहेत. तुम्ही तुमच्या घरातल्या नावांप्रमाणे बदलू शकता.

पहिल्या गटात क, म, र, ल, घ ही पाच अक्षरं आणि काना घ्या. एवढ्यावर घर, काम, मका, लाल, काल, माल, मला, मामा, काका, राम, कमल, कर असे शब्द होतात. ‘रामा, काम कर’ हे वाक्य पहिल्याच आठवड्यात वाचता येतं. आणि ते वाचून मूल हसतं, कारण ते वाक्य त्याने रोज ऐकलेलं असतं. जुन्या खोक्याच्या पुठ्ठ्याचे चौकोन कापा, अक्षरं ठळक लिहा, काना वेगळ्या पट्टीवर ठेवा. मूल पट्ट्या जुळवून शब्द बनवील. त्याने ‘मरक’ असा बिनअर्थाचा शब्द बनवला तरी वाचू द्या आणि विचारा, “असं काही असतं का रे?” अर्थ आहे की नाही हे त्याने ठरवायचं. वाचताना अर्थ तपासायची सवय इथूनच लागते.

दुसऱ्या गटात त, स, ब, आ आणि दुसरी वेलांटी व एक मात्रा. आता ‘बस आली’, ‘बाबा घरी आले’ ही वाक्यं होतात. तास, ताक, सात, मासा, मासे, काकी, मामी हे शब्द मिळतात. इथे थोडं थांबा. मुलाला या दोन गटांतून स्वतःची वाक्यं करू द्या. तुम्ही ती वहीत लिहा, ते वाचील. ही वही म्हणजेच त्याचं पहिलं पुस्तक, आणि बाजारातल्या कुठल्याही अंकलिपीपेक्षा ते त्याला जास्त जवळचं वाटेल.

पुढचे गट करताना दिसायला सारखी अक्षरं एकत्र आणू नका. घ शिकवला की ध काही आठवडे लांब ठेवा. ब आणि व, भ आणि म, प आणि ष, थ आणि य यांच्या बाबतीतही तेच. पुस्तकातला क्रम उच्चारस्थानावर बसवलेला आहे, तो शास्त्रीय आहे आणि सुंदरही आहे. पण तो शिकलेल्या माणसाच्या सोयीचा आहे. मुलाला पंचवीस-तीस अक्षरं येऊ लागली की वर्णमालेचा तक्ता भिंतीवर लावा. तेव्हा तो त्याला पाठ करावा लागत नाही, त्यातली जागा कळते. बाराखडीचंही असंच.

पहिली वेलांटी थोडी उशिरा घ्या. ती उच्चारात अक्षरानंतर येते आणि लिहिण्यात आधी, त्यामुळे मुलं हमखास गोंधळतात. ‘रिक्षा’ हा शब्द सुकापुरात रोज डोळ्यांसमोर असतो. तो चित्रासारखा आधी ओळखता येईल, आणि वेळ आली की त्यातली वेलांटी सुटी करून दाखवता येईल.

जोडाक्षरांची भीती आपणच घालतो. खरं तर माथेरान रस्त्यावरच्या पाट्यांवर सगळी जोडाक्षरं विनामूल्य लिहिलेली आहेत. ‘र’ची रूपं शिकवायची तर कर्जत, कर्नाळा, आकुर्ली यांत रफार आहे. प्रबळगडात एक रूप, ट्रकमध्ये दुसरं, दऱ्या-खोऱ्यांत तिसरं. बसमधून जाताना मुलाला एकच काम द्या: आज ‘र’ कुठेकुठे लपलाय ते शोध. गावांची नावं ध्वनींच्या खेळालाही उत्तम. टाळ्या वाजवत सु-का-पूर, वि-चुं-बे, क-रं-जा-डे असे तुकडे पाडा. मग कोड्यासारखं विचारा: नेऱ्यातला ‘ने’ घेतला आणि पुढे ‘म’ जोडला तर काय झालं? लेखणी हातात घेण्याआधी पाच वर्षांचं मूल हा खेळ तासभर खेळतं, आणि पुढे त्याला अक्षर-ध्वनीचं नातं सांगावं लागत नाही.

ॲ आणि ऑ विसरू नका. मुलाच्या आयुष्यात ॲप, बॅट, डॉक्टर, ऑटो हे शब्द रोजचे आहेत, आणि ते मराठीत लिहिता येतात हे कळलं की त्याला लिपी आपली वाटू लागते.

आता बोलीविषयी, आणि इथे मला आग्रहाने बोलायचं आहे. सुकापुरात आगरी घरातलं मूल ‘पानी’ म्हणतं, ‘काला’ म्हणतं. आगरीत ण चा न आणि ळ चा ल होतो. खानदेशातून आलेल्या घरात वेगळी लय, कोल्हापूरकडच्या घरात वेगळी. शाळेच्या पहिल्या वर्षांत या मुलांना ‘असं नाही बोलायचं’ हे इतक्यांदा ऐकावं लागतं की ती बोलायचीच थांबतात. बोलायचं थांबलेलं मूल लिहिणार कुठून? मॅक्सीन मावशींचा सगळा अभ्यासच मुळी एका गावात किती तऱ्हेची मराठी नांदते याचा होता. त्या माणसाने मुलांना वाचायला शिकवायला घेतलं, हा मला योगायोग वाटत नाही. बोलीतला प्रत्येक फरक नियमाने चालतो, हे ज्याला ठाऊक आहे तो मुलाला अशुद्ध म्हणत नाही.

घरी करायचं ते असं. बोलताना टोकू नका. लिहिताना पहिल्या खर्ड्यात मूल जसं बोलतं तसंच उतरू द्या. दुसऱ्या दिवशी त्याच पानाच्या शेजारी ‘पुस्तकात असं लिहितात’ म्हणून प्रमाण रूप लिहा आणि दोन्ही वाचा. थोड्याच दिवसांत मूल स्वतः फरक शोधू लागतं: आजी ‘पानी’ म्हणते, पुस्तक ‘पाणी’ म्हणतं. भाषेकडे असं बघता येणं हाच व्याकरणाचा पहिला धडा आहे. आगरी घरांमध्ये आणखी एक ठेवा आहे. लग्नात धवलारीण गाते ते धवले ज्या आजींना येतात, त्यांच्यासमोर नातवंडाला वही घेऊन बसवा. आजी सांगेल, मूल लिहील, अडलं की पुन्हा विचारील. हे पान कुठल्याही पुस्तकात मिळणार नाही, आणि आजीला अक्षर येत नसेल तर नातू तिला तिचंच गाणं वाचून दाखवील. इतर घरांतल्या ओव्या, उखाणे, म्हणी, शेतीच्या गोष्टी यांनाही हेच लागू. भाताचा राब कसा भाजतात, लावणी-झोडणी कशी होते, निवट्या कशा पकडतात, हे सांगणारी माणसं पनवेलच्या गावांत अजून आहेत.

न्यूझीलंडमध्ये सिल्व्हिया ॲश्टन-वॉर्नर नावाच्या शिक्षिकेने माओरी मुलांना शिकवताना असंच काही केलं होतं. मूल सकाळी जो शब्द मागेल तो पुठ्ठ्यावर लिहून द्यायचा. भीतीचा, प्रेमाचा, घरातल्या भांडणाचा, कसलाही. तो शब्द मूल एकदा पाहून विसरत नसे. त्यांचं ‘टीचर’ हे पुस्तक 1963 मध्ये आलं. आपल्याकडे हा प्रयोग आठवड्यातून एकदा करून पाहा: “आज तुला कोणता शब्द हवा?”

वाचन सुरू झालं की लिहिणं त्याच्यासोबतच चालवा. कोल्हापूरच्या लीलाताई पाटील या बाबतीत माझ्या गुरू. त्या कादंबरीकार ना. सी. फडके यांच्या कन्या. शिक्षक-प्रशिक्षणात आयुष्य घालवल्यावर 1985 मध्ये त्यांनी सृजन आनंद विद्यालय सुरू केलं. ‘लिहिणं मुलांचं, शिकवणं शिक्षकांचं’ हे त्यांचं पुस्तक मुलांचं लेखन कसं वाचावं हे शिकवतं. मुलाला ‘माझी आई’ किंवा ‘पावसाळ्यातील एक दिवस’ असा विषय दिला की ते बाजारातल्या निबंधमालेतली वाक्यं उतरवतं. ‘काल लिफ्ट बंद पडली तेव्हा तू काय केलंस?’ असं विचारलं की ते स्वतःची वाक्यं शोधतं. गाढी नदीला पूर आला तेव्हा पुलावरून काय दिसलं, आजी बाजारात चिंबोरी कशी निवडते, रिक्षावाले काका सकाळी किती वाजता उठतात, हे विषय द्या. शेवटच्या विषयासाठी मुलाने त्या काकांना जाऊन विचारावं लागेल. विचारू द्या.

मुलाने लिहिलेलं कुणीतरी वाचणार आहे, हे त्याला कळलं पाहिजे. साने गुरुजी 1924 ते 1930 या काळात अमळनेरच्या शाळेत शिक्षक होते, आणि वसतिगृहातल्या मुलांसाठी ते रोज हाताने दैनिक लिहीत. एका शिक्षकाने मुलांसाठी रोज वर्तमानपत्र काढावं, ही गोष्ट मला आजही थक्क करते. साधारण त्याच काळात फ्रान्सच्या एका खेड्यात सेलेस्तँ फ्रेने यांनी वर्गात छपाईचं यंत्र आणलं आणि मुलांनी लिहिलेले मजकूर मुलांनीच छापायला सुरुवात केली. दोघांना एकमेकांची माहिती असण्याचं कारण नाही, पण मुलाला वाचक हवा हे दोघांनी ओळखलं. सोसायटीच्या सूचनाफलकाचा एक कोपरा मुलांसाठी मागून घ्या. आठवड्याला एक मोठा कागद, त्यावर चार-पाच मुलांचा मजकूर. कोणी मांजर हरवल्याचं लिहील, कोणी क्रिकेटच्या सामन्याचं. गुण नाहीत, बक्षीस नाही. खाली राहणारे आजोबा थांबून वाचतात, एवढंच पुरेसं आहे. उन्हाळ्याच्या सुट्टीत मुलांना घेऊन माणगाव तालुक्यात वडघरला साने गुरुजींचं राष्ट्रीय स्मारक पाहून या. आपल्याच जिल्ह्यात आहे.

चुका दुरुस्त करण्याची एक शिस्त पाळा. एका पानावर एकाच प्रकारची चूक हाताळा, बाकीच्या सोडून द्या. सुरुवातीला शब्दाचा शेवट घ्या: मराठी शब्दाच्या अंती येणारा इकार-उकार दीर्घ लिहायचा. पाटी, आजी, लाडू, वाळू. हा एक नियम बसला की निम्म्याहून जास्त गोंधळ मिटतो. काही महिन्यांनी दुसरा: शेवटचं अक्षर दीर्घ असलं की त्याच्या आधीचा इकार-उकार बहुधा ह्रस्व होतो. विहीर पण विहिरी, गरीब पण गरिबी. लाल शाई टाळा. पेन्सिलीने बारीक खूण करा आणि मुलालाच शोधू द्या.

मोबाइल हातात असेलच, तर त्याचा उपयोग करून घ्या. मराठी कीबोर्ड लावा आणि बोलून लिहिण्याची सोय सुरू करा. मूल बोलेल, पडद्यावर देवनागरी उमटेल, त्यात काही शब्द चुकतील. त्या चुका मुलाने हुडकून दुरुस्त करायच्या. हा सराव मला फार उपयोगी वाटतो, कारण यात मूल तपासनीस असतं. गावच्या काका-मामांना पाठवायचे निरोप रोमन लिपीत नकोत, देवनागरीतच जाऊ द्या.

आणि रोज वाचून दाखवा. मूल स्वतः वाचायला लागलं तरी वाचून दाखवणं बंद करू नका. त्याच्या वाचनाच्या पायरीपेक्षा त्याच्या समजेची पायरी कितीतरी वर असते. पुस्तकं निवडताना माधुरी पुरंदरे यांचं नाव लक्षात ठेवा. त्या फ्रेंच शिकवणाऱ्या, चित्रकार आणि लेखिका. 2014 चा साहित्य अकादमीचा बालसाहित्य पुरस्कार त्यांना मिळाला. ‘वाचू आनंदे’ या त्यांच्या संचात मराठीतल्या चांगल्या लेखनाचे वेचे वयोगटांप्रमाणे लावले आहेत, आणि ‘लिहावे नेटके’ हा संच मोठ्या मुलांना, आणि खरं सांगायचं तर त्यांच्या आईवडिलांनाही, मराठी लिहायला शिकवतो. बालभारतीचं ‘किशोर’ मासिक 1971 पासून निघतं. जुने अंक संकेतस्थळावर फुकट वाचता येतात. प्रथम बुक्सच्या ‘स्टोरीवीव्हर’वर पायऱ्यांप्रमाणे लावलेल्या मराठी चित्रगोष्टी आहेत. इंग्रजी माध्यमातल्या मुलासाठी त्याच्या वयापेक्षा दोन पायऱ्या खालची पुस्तकं घ्या, पण विषय बाळबोध नको. आठ वर्षांच्या मुलाला चिऊकाऊची गोष्ट दिली की त्याला अपमान वाटतो.

शेवटी एका वेगळ्या शक्यतेबद्दल. वर्षभर नियमित, न रागावता, अर्थासह शिकवूनही दुसरी-तिसरीतलं मूल मराठी आणि इंग्रजी दोन्ही लिप्यांत अडखळत असेल, ओळखीचा शब्द पुढच्या ओळीत पुन्हा अनोळखी होत असेल, तर ते आळशी आहे असं समजू नका. आधी डोळे आणि कान तपासून घ्या. मग अध्ययन अक्षमतेची तपासणी करा. 2016 च्या दिव्यांग हक्क कायद्यात तिचा समावेश आहे. मुंबईत सायनच्या लोकमान्य टिळक रुग्णालयात त्यासाठीचा स्वतंत्र विभाग आहे. प्रमाणपत्र मिळाल्यास परीक्षेत सवलती मिळतात. जाताना मुलाच्या लेखनाच्या वह्या, प्रत्येक पानावर तारीख घालून, बरोबर न्या. सहा महिन्यांपूर्वीचं पान आणि कालचं पान शेजारी ठेवली की तपासणाऱ्यांना मूल कुठे अडतंय ते लवकर कळतं.